साहेब आले तेव्हा गाव शिवेबाहेर होतं

आमच्या काकीकडे बसून तिसऱ्या माणसाबद्दल बोलायची सोय नव्हती. तुम्ही नुसतं सुरू करायचं, "काकी, त्या खालच्या वाडीतल्या सुनेनं काय केलं ठाऊक आहे का?" की काकी विळी आडवी करून उठायची.

"थांब. तिका हाडतंय."

आणि खरंच आणायची. ती सून पिठाच्या हातांनी तशीच दारात उभी राहायची आणि काकी म्हणायची, "हां, आता सांग. तिच्या तोंडार सांग." आता असं तोंडावर सांगण्यासारखं चहाडीत काय असतं? सांगणारा पाऊसपाण्याचं काहीतरी बोलून चप्पल शोधायला लागायचा.

माझ्या लग्नात लांबच्या एका आत्येनं "मुलगी जराशी बुटकीच की गो" असं काकीच्या कानात म्हटलं. काकीनं तिला मनगटाला धरून थेट नवरीपुढे उभं केलं. आत्येला घाम फुटला. शेवटी ती "सुखाचा संसार करा" असं म्हणून मोकळी झाली. म्हणजे माझ्या संसाराला मिळालेला पहिला आशीर्वाद हा असा जबरदस्तीनं वसूल केलेला आहे. तरी संसार बरा चाललाय. बायकोचं मत मी विचारलेलं नाही.

काका गरीब माणूस. त्याला काकीबद्दल काही बोलायचं झालं तर तो गोठ्यात जाऊन बैलाशी बोले, तेही हळू. उद्या बैलाला साक्षीला उभं करील, अशी त्याला भीती वाटे.

दुसरी सवय तिला सरपंच झाल्यावर लागली. महिला राखीव जागा आली आणि गावातल्या दोन्ही गटांना वाटलं की ही आपल्याच ऐकण्यातली आहे. ती कुणाच्याच ऐकण्यातली नव्हती, हे घरात आम्हाला माहीत होतं; पण आम्हाला विचारलं कुणी? निवडून आल्यावर ती पंचायतीतला प्रत्येक कागद मोठ्यानं वाचत असे. त्यातून सरकारी मराठी तिच्या अंगात भिनली. एरवी ती मालवणीत बोलायची, पण राग आला की एकदम कागदासारखी बोलायला लागायची. "सदर आमटीत मीठ पडलेले दिसून येत नाही" असं तिनं शांतपणे म्हटलं की माझी चुलतबहीण स्वयंपाकघर सोडून पळायची. मला एकदा "आपणांस कळविण्यात येते की" अशी सुरुवात झाली, तेव्हा मी कळवलेलं ऐकायला थांबलोच नाही. गाडी काढून सरळ कुडाळला घरी आलो.

घरात मला "अर्धो वकील" म्हणतात. मी कायद्याचं पहिलं वर्ष दोनदा केलंय. आता विम्याची कामं करतो. पण कुणाच्या घरी सरकारी कागद आला की मलाच फोन येतो, आणि मीही "बघतो, बघतो" म्हणत चष्मा लावतो. चष्मा लावल्यावर कायदा मला समजतो असं मलाच वाटायला लागतं. त्यामुळे काकीचं प्रकरण झालं तेव्हा मी त्यात असणार, हे ठरलेलंच होतं.

प्रकरण गडग्याचं. आमच्याकडे चिऱ्यांचे, धोंड्यांचे तुकडे एकावर एक रचून कुंपण घालतात, त्याला गडगा म्हणतात. चुना नाही, सिमेंट नाही. उपसरपंच म्हणजे काकाचा चुलतभाऊ, काकीचा दीर. आम्ही सगळे त्याला आबा म्हणतो. आबाच्या माडबागेतून दर्यावर जायची वाट होती. रापणीचं जाळं किनाऱ्याला लागलं की वाडीतल्या बायका मासळीच्या टोपल्या घेऊन त्याच वाटेनं वर यायच्या. मग पर्यटक आले. ते मोटरसायकली घेऊन माडांत घुसायचे, शहाळी पाडायचे, फोटो काढायचे. आबा वैतागला आणि त्यानं वाटेवर आडवा गडगा घातला. पर्यटक दुसरीकडून गेले. टोपल्यावाल्या बायकांना मात्र खाडीच्या चिखलातून जावं लागायला लागलं, आणि एक जण घसरून पडली ती खुब्याचं हाड मोडून घरात बसली.

काकीनं ग्रामसभा बोलावली. कोरम भरला नाही. परत बोलावली. त्या दिवशी बांगडा लागला होता, गाव किनाऱ्यावर. मग एका सकाळी काकी छत्री घेऊन गडग्यापाशी गेली. छत्री तिनं एका बाईकडे धरायला दिली आणि गडग्यावरचा पहिला धोंडा स्वतः उचलून बाजूला ठेवला. मागच्या बाईनं दुसरा उचलला. येता-जाता प्रत्येकीनं एकेक. दुपारपर्यंत वाट मोकळी. आबा मुंबईहून लेकाकडून परतला तर गडगा नाही. त्यानं तिथल्या तिथे तक्रार ठोकली: सरपंचांनी ठरावाशिवाय, अधिकार नसताना, खाजगी कुंपण पाडलं, चौकशी होऊन त्यांना पदावरून काढावं.

तक्रार देऊन आबा संध्याकाळी काकीकडेच चहाला आला. "वयनी, तुझ्यार अर्ज केलंय."

"माझ्या तोंडार सांगलास ता बरा केलास, भावजी," काकी म्हणाली. "साखर आणखी घाला."

आता गावपळणीचं सांगतो, नाहीतर पुढचं कळायचं नाही. आमच्या आचऱ्याकडच्या पट्ट्यात काही गावांत काही वर्षांनी देवाचा कौल होतो की गाव रिकामं करायचं. तीन दिवस, तीन रात्री. माणसं, गुरं, कुत्री, कोंबड्या सगळ्यांनी शिवेबाहेर जायचं, माडाच्या झापांच्या खोपी घालून राहायचं आणि पुन्हा कौल झाला की परत यायचं. का, ते कुणी विचारत नाही. देवाला थोडा निवांतपणा हवा असेल. मलाही दिवाळीत पाहुणे आले की तसंच वाटतं.

त्या वर्षी पळण झाली. आबाची खोप काकीच्या खोपीला लागून. आबाची बायको मुंबईलाच राहिली होती, म्हणून आबा काकीच्या चुलीवरची पेज जेवत होता. जिच्यावर अर्ज केला तिच्याच हातचं लोणचं मागून घेत होता. आणि नेमके पळणीच्या दुसऱ्या दिवशी चौकशी अधिकारी गावात आले.

ते नवीन होते, घाटावरचे. ग्रामसेवक रजेवर. साहेबांनी जीप पंचायतीसमोर लावली, कुलूप बघितलं, चौकशीची नोटीस दाराला डकवली आणि अंगणात उभं राहून काकीच्या नावानं हाका मारल्या. मग आपला ड्रायव्हर आणि शिपाई असे दोन पंच घेऊन पंचनामा केला. तो अहवाल नंतर मी चष्मा लावून वाचला. त्यात लिहिलं होतं, "वारंवार पुकारा करूनही सरपंच हजर झाल्या नाहीत. एकही ग्रामस्थ त्यांच्या बाजूने बोलण्यास पुढे आला नाही." आणि शेवटी, "गावात सर्वत्र शांतता आढळून आली."

आमच्या गावात सर्वत्र शांतता! एवढ्या एका वाक्यावर तो अहवाल फेकून द्यायला हवा होता. पण वर तो तसाच मान्य झाला. काकीचं पद गेलं. मंत्र्यांकडे अपील केलं, तेही गेलं. आबा प्रभारी सरपंच झाला.

पद गेल्याचं काकीनं मनाला लावून घेतलं नाही, असं मला आधी वाटलं होतं. ती पूर्वीसारखीच विळीवर नारळ खवायची. पण आठवड्यानं मी गेलो तर ती म्हणाली, "अर्धो वकील मरे तू. माका एक सांग. माका कोणी इचारूकच नाय. मगे हेंनी ठरयला कसा?"

"काकी, कागदोपत्री तू गैरहजर आहेस."

"गैरहजर? अख्खो गाव भायर होतो! देव तेवडो आत होतो. तेका इचारल्यानी?"

मग खवणं थांबवून म्हणाली, "काढूचा तर काढा. पण इचारून काढा." राग असूनही त्या दिवशी ती सरकारी मराठीत काहीच बोलली नाही, आणि मला जरा भीतीच वाटली.

कोल्हापूरला हायकोर्टाचं बेंच आल्यापासून आमच्या जिल्ह्याला मुंबई गाठावी लागत नाही, एवढं बरं. मी ओळखीनं एक वकीलबाई शोधल्या. तरुण, भराभर बोलणाऱ्या. त्यांनी गावपळणीची हकीकत दोनदा ऐकली आणि पेन खाली ठेवलं. "गावात कुणीच नव्हतं? मग प्रश्नच मिटला. पण हे कोर्टाला सांगणार कोण? तुमच्या घरातली माणसं सांगून उपयोग नाही. तक्रारदारानंच कबूल केलं तर!"

तक्रारदार म्हणजे आबा. त्यानं कबूल केलं तर त्याच्या बुडाखालची खुर्ची जाणार. मी रस्ताभर भाषण तयार केलं. भावकी, रक्ताचं नातं, म्हातारपण असे मुद्दे होते. आबाच्या ओट्यावर बसून मी घसा साफ केला तेवढ्यात, मी कशाला आलोय ते न विचारताच तो म्हणाला, "कित्या इलस ता म्हायती आसा माका. तुझ्या काकीन सकाळीच येवन सांगल्यान."

"मग?"

"मगे काय! तिका काढूचा म्हणून मीच अर्ज केलंय. परत येळ इली तर परत करीन. पण पळणीत ती गावात होती आणि हाकेक इली नाय, असा मी खंयच्या तोंडान सांगू? तिच्या चुलीवरची पेज जेवलंय मी. आणि देव काय म्हणात?" त्यानं प्रतिज्ञापत्रावर सही केली आणि माझं भाषण तसंच राहिलं. ते अजून मला पाठ आहे. कुणाला लागलं तर सांगा.

कोर्टाच्या तारखेला मी पहाटे गाडी घेऊन काकीच्या दारात गेलो. काकी पुढच्या सीटवर बसली आणि म्हणाली, "आबाच्या घराकडे घे."

"कशाला?"

"कोर्टात तेंच्याबद्दल बोलतले मां? मगे ते नको?"

अशा रीतीनं वादी आणि प्रतिवादी माझ्या एकाच गाडीतून फोंडाघाट चढले. खिडकीवरून भांडण झालं. आबाला घाटात मळमळायला लागलं तेव्हा काकीनं पिशवीतून आमसूल काढून दिलं आणि वर सुनावलं, "गडगो घालताना नाय मळमळला?" आबा आमसूल चोखत म्हणाला, "गडगो माझ्या जमनीत घातलंय."

"वाट कोणाची?"

"बाग कोणाची?"

"दोघं गप्प राहा, मला वळण दिसत नाही," मी म्हणालो. राधानगरीपर्यंत शांतता होती. तेवढ्यात चौकशी अधिकारी आले असते तर त्यांनी तीही लिहून घेतली असती.

कोर्टाच्या पायऱ्यांवर वकीलबाईंनी विचारलं, "हे कोण?"

"हे माझे भावजी," काकी म्हणाली. "विरुद्ध आसत."

आत कामकाज इंग्रजीत. मी काकीच्या कानाशी लागून सांगत होतो, आणि मला समजत नव्हतं तिथे "आता वेळ मागतायत" असं म्हणत होतो. बराच वेळ मागितला गेला असं काकीचं मत झालं. मग न्यायमूर्तींनी मराठीतच विचारलं, "नोटीस दारावर लावली. ती वाचायला त्या दिवशी गावात होतं कोण?"

सरकारी वकील फाइल चाळायला लागले. वकीलबाई म्हणाल्या, "मांजरसुद्धा नव्हतं. तक्रारदारानंच तसं प्रतिज्ञापत्र दिलंय."

"तक्रारदार आलेत?"

काकीच्या शेजारून आबा उठला. न्यायमूर्तींनी दोघांकडे बघितलं. "तुम्ही नक्की कुणाच्या बाजूनं?"

"मी विरुद्ध, साहेब," आबा म्हणाला. "पण ती गावात नव्हती ह्या खरा."

बाहेर आल्यावर वकीलबाईंनी आदेश समजावून सांगितला. पदावरून काढल्याचा हुकूम रद्द. काकी पुन्हा सरपंच. मी पेढ्यांचं दुकान शोधायला निघालो, तेवढ्यात त्या म्हणाल्या, "थांबा. संपलेलं नाही. गडगा काढला ते बरोबर की चूक, हे कोर्टानं बघितलेलंच नाही. कोर्ट एवढंच म्हणालं की तुम्हाला ऐकून न घेता निर्णय झाला. आता दुसरे अधिकारी नव्यानं चौकशी करतील. त्यात पद जाऊही शकतं, काकी."

माझं तोंड पडलं. आबालाही हसावं की काय करावं, कळेना. काकीचा चेहरा मात्र असा उजळला की मी तसा तिच्या लेकीच्या लग्नातही बघितला नव्हता.

"म्हणजे आता माका इचारतले?"

"विचारतील."

"मगे पेढे घे रे," ती मला म्हणाली.

नवी चौकशी पंचायतीच्या सभागृहात झाली. ग्रामसभेला कधी आली नाहीत एवढी माणसं आली. त्या दिवशी बांगडा लागला असता तरी कुणी उठलं नसतं. वकीलबाईंनी आदल्या दिवशी फोनवर बजावलं होतं, "काकी, एकच करा. मी काढला, असं म्हणू नका. ग्रामस्थांनी मिळून काढला, एवढंच सांगा. ते खोटंही नाही." काकीचा फोन कायम स्पीकरवर असायचा, म्हणून हा सल्ला अर्ध्या वाडीनं ऐकला होता.

नवे साहेब शांत होते. त्यांनी काकीला बसायला सांगितलं आणि विचारलं, "सरपंच, गडगा कुणी काढला?"

काकीनं पदर सारखा केला. "सदर गडगा मी स्वतः काढलेला आहे. पहिला धोंडा माझा. बाकीच्या महिलांनी सरपंच काढते म्हणून काढला, सबब त्यांचा दोष नाही."

मी डोळे मिटून घेतले. साहेबांनी कारण विचारलं. तिनं चिखल सांगितला, खुबा मोडलेली बाई सांगितली, न भरलेला कोरम सांगितला. सगळं एका दमात, स्वच्छ. सांगून झाल्यावर तिनं श्वास सोडला. इतके महिने कुणीतरी हे विचारावं म्हणून ती बसून होती.

साहेब आबाकडे वळले. "तक्रारदार, तुम्हाला सरपंचांना काही विचारायचंय का?"

आबाच्या खिशात प्रश्न लिहिलेले होते. कलमं होती, नियम होते. कोणीतरी करून दिले असणार. तो उठला, खिशाकडे हात नेला आणि तसाच राहिला.

"वयनी," तो म्हणाला, "मी मुंबयत होतंय. माझ्याकडे फोन आसा. तुझ्याकडे माझो नंबर आसा. तू माका एकदा तरी इचारलंस कित्या नाय?"

काकीनं तोंड उघडलं. "सदर..." एवढं म्हणाली आणि थांबली. जन्मभर माणसांना एकमेकांच्या तोंडावर उभं करणाऱ्या आमच्या काकीला आज कुणीतरी तोंडावर विचारलं होतं.

"नाय इचारलंय," ती शेवटी म्हणाली. "माका वाटला, तुमी नाय म्हणतलास."

"म्हणून इचारूचाच नाय?"

काकी साहेबांकडे वळली. "ह्ये बोलतत ता खरा आसा, साहेब. ह्येंका इचारूक होया होता. ल्हिवा."

मी मागून मान हलवत होतो, हातानं नको-नको करत होतो. अर्धा वकील जेवढं करू शकतो तेवढं सगळं केलं. साहेबांच्या कारकुनानं माझ्याकडे बघितलं, मग काकीकडे.

"ल्हिवा," ती म्हणाली. "माझी चूक म्हणून ल्हिवा."

पुढे यथावकाश अहवाल आला. वाट वहिवाटीची आहे, ती मोकळी केली हे गैरवर्तन नव्हे, मात्र बागेच्या मालकाला आधी ऐकून घ्यायला हवं होतं, अशी लेखी ताकीद देऊन प्रकरण मिटलं. काकी सरपंचपदावर राहिली. पण मला विचाराल तर निकाल त्या दुपारीच लागला होता. कारकून लिहीत होता आणि आबा अजून उभाच होता.

"आणखी काही प्रश्न?" साहेबांनी विचारलं.

"प्रश्न नाय, साहेब. तिना आता इचारूचा."

"काय विचारायचं?"

"तेवा इचारूक होया होता, ता."

साहेबांनी काकीकडे बघितलं. काकी उठली. साहेबांकडे पाठ करून ती सबंध आबाकडे वळली. खिडकीतून आबाची बाग दिसत होती; मोकळ्या वाटेवरून कुणीतरी टोपली घेऊन वर येत होतं. गडगा जिथे होता तिथे आता गवत उगवलं होतं.

"भावजी," ती म्हणाली, "तुमचो गडगो वाटेत येता. बायलांका चिखलातसून जावचा लागता. काढू?"

आबानं साहेबांच्या टेबलावरची पाण्याची बाटली उचलली, दोन घोट घेतले, मान खाजवली, खिडकीबाहेर बघितलं. विचारलेल्या माणसाला जेवढा वेळ घ्यायचा हक्क असतो तेवढा त्यानं घेतला.

"काढ," तो म्हणाला, आणि खाली बसला.